आवाज उतरवून घेताना

"अहो, गप्प बसा ना!"

त्या दिवशी सकाळपासून मी माझ्या नवऱ्याला हे किती वेळा म्हटलं असेल, देवालाच ठाऊक. एरवी बायकोनं नवऱ्याला गप्प बसा म्हणण्यात काय विशेष? आमच्या सांगलीत तर तो रोजचा वरण-भात. पण त्या संध्याकाळी सहाला यांचा आवाज कायमचा जाणार होता, आणि तो वाचवायचा तर तोवर यांनी एक शब्द बोलायचा नव्हता. हसावं की कपाळ बडवून घ्यावं, तुम्हीच सांगा.

भूपाल मगदूम म्हटलं की हळदीच्या बाजारात जुनी माणसं अजून मान हलवतात. हे सौदे पुकारायचे. पोत्यांच्या थप्पीवर उभं राहून यांनी एकदा आवाज लावला की पलीकडच्या अडतीतला व्यापारी हातातला चहा तसाच ठेवून धावत यायचा. घरीही तोच आवाज. मीठ मागितलं तरी शेजारच्यांना कळायचं. आणि मग एका सकाळी दाढी करताना हे कोसळले. मेंदूच्या देठाशी रक्ताची गुठळी. जीव वाचला, डोकं शाबूत राहिलं, सगळं कळत होतं, रागही पहिल्यासारखाच येत होता. फक्त जिभेकडं, हातापायांकडं जाणारा रस्ता तुटला. उरल्या पापण्या.

पुठ्ठ्यावर मुळाक्षरं लिहून मी एकेका अक्षरावर बोट ठेवायची, हवं ते आलं की हे पापणी मिटायचे. एकदा 'ड' झाला, काना झाला, मग 'स' यायला माझी भाजी करपली. यांच्या गालावर डास बसला होता! तेवढं सांगेपर्यंत तो पोटभर पिऊन उडूनही गेला. मी मोरीत जाऊन नळ सोडला आणि रडून घेतलं. तसली दोन वर्षं आम्ही काढली.

मग वाक्‌सेतू आला. बेंगळुरूच्या निनाद न्यूरो नावाच्या कंपनीचं यंत्र. त्याचं तत्त्व तसं सोपं आहे. माणूस बोलायचं मनात आणतो तेव्हा मेंदूचा एक पट्टा ओठांना, जिभेला हुकूम सोडतो. पुढचा रस्ता तुटला तरी हुकूम सुटतोच. त्या पट्ट्यावर केसाहून बारीक तारांची चकती बसवतात, ती हे हुकूम टिपते. कानामागं चुंबकानं चिकटणारी एक टिकली असते, ती ते बाहेर पाठवते. पुढचं काम कंपनीच्या मोठ्या संगणकाचं. या हुकमाचा शब्द कोणता ते तो ओळखतो आणि यांच्याच सौद्यांच्या जुन्या रेकॉर्डिंगवरून घडवलेल्या आवाजात उशाच्या स्पीकरमधून बोलतो. सगळं इतक्या झटकन, की समोरच्याला वाटावं माणूसच बोलतोय.

पण एकाची ओळख दुसऱ्याला चालत नाही, ज्याचा त्याचा मेंदू वेगळा. शिवाय मेंदू काही दगड नव्हे. आत तारा तसूभर सरकतात, पेशी बदलतात. म्हणून तो संगणक रोज रात्री दिवसभराच्या बोलण्यावरून शिकायचा आणि एक नवी दुरुस्ती लिहून ठेवायचा. पाया एक, त्यावर रोजचा एक थर. पहिल्या काही महिन्यांत मोजकेच शब्द होते. पाचव्या वर्षी हे माझ्या मेहुण्यांची नक्कल करून मला हसवायला लागले. मी खोटं कशाला बोलू, आजारपणाआधीपेक्षा आम्ही नंतरच जास्त बोललो. यांना कुठं जायचंच नव्हतं ना!

आणि कंपनी बुडाली. कशी, का, ते मोठ्यांचं मोठ्यांना माहीत. आम्हाला निरोप आला की अमुक दिवशी संध्याकाळी सहाला संगणक बंद होतील, कायद्याप्रमाणे प्रत्येक पेशंटच्या फाइली एका पत्त्यावर ठेवल्या आहेत, ज्यानं त्यानं उतरवून घ्याव्यात. बस्स. निरोप आला तो आदल्या दिवशी. लग्नाचं आमंत्रणसुद्धा याहून आधी देतात हो!

पुण्याच्या डॉ. तांबोळी या यंत्रांवर संशोधन करायच्या. त्यांना मी रडतच फोन केला. त्या म्हणाल्या, "पद्मजाताई, मी एक खोका तयार करतेय. कंपनीशिवाय, घरच्या घरी चालेल असा. वेळ लागेल, पण होईल. तुम्ही फक्त फाइली आणा. पायापासून, क्रमानं. मधला एक थर चुकला तर पुढचे सगळे फुकट, हे लक्षात ठेवा."

आता फाइल उतरवायची म्हणजे काय, हे हल्ली पोरांना ठाऊकच नाही. घरातल्या बोलक्या यंत्र-मदतनिसाला सांगायचं, तो आणतो, दाखवतो, वाचतोही. मी त्याला पत्ता सांगितला. तो गोड आवाजात म्हणाला, "पद्मजाताई, ही जागा सुरक्षित नाही. मी तिथे जाऊ शकत नाही. तुमच्यासाठी शांत संगीत लावू का?"

"लाव तुझ्या बापाला!" मी म्हटलं.

त्याचं म्हणणं खोटं नव्हतं. बुडत्या कंपनीनं फाइली कुठल्यातरी म्हाताऱ्या सर्व्हरवर टाकल्या होत्या, त्याला सुरक्षेचा शिक्काच नव्हता. नवी यंत्रं असल्या दारात पाऊलच ठेवत नाहीत. पण मी विश्रामबागला पंचवीस वर्षं कॉम्प्युटर क्लास चालवलेली बाई. माळ्यावरून क्लासमधला लॅपटॉप काढला. त्यात पॉवरशेल होतं, तेही दुसऱ्या आवृत्तीचं, जुनं. काळी-निळी खिडकी, त्यात हुकूम टाइप करायचे. पुढच्या आवृत्त्यांत फाइल आणायला एका ओळीचा हुकूम आला, या जुनीत तोही नाही. हिच्यात आधी एक हमाल उभा करावा लागतो. त्याला म्हणतात वेबक्लायंट. त्याला सांगायचं, या पत्त्यावर जा, हे पोतं उचल, इथं आणून ठेव, त्यावर हे नाव घाल. मग तेच सगळ्या पोत्यांसाठी पुन्हा पुन्हा करायला लावायचं. बोटांना सगळं आठवत होतं.

अडचण एकच होती. कंपनीच्या यंत्रणेत एका पेशंटला एका वेळी एकच जागा, तिला ते सत्र म्हणत. त्या जागेवरून एकतर हे बोलणार, नाहीतर मी फाइली आणणार. हे बोलले की माझं काम तेवढ्यापुरतं थांबेल, असं मला वाटलं. त्यांना सांगितलं, "आजचा दिवस मौन पाळा. पर्युषणात पाळता तसं."

"पर्युषणात मी कधी पाळलं?" हे म्हणाले.

"म्हणून तर हे दिवस आले!"

लॉगिन केलं, हुकूम सोडला. पायाची फाइल यायला बराच वेळ लागला, सगळ्यात जड तीच. आली तशी मी टाळी वाजवली. उशाचा स्पीकर खणखणला, "शाब्बास, मास्तरीणबाई!"

"अहो, गप्प बसा ना!" मी ओरडले, पण हसतच.

मग ते खरंच गप्प बसले. काळ्या खिडकीत एकेका फाइलीचं नाव उमटत गेलं, क्रमानं, न चुकता. घाई केली तर असले सर्व्हर हाकलून देतात, म्हणून प्रत्येक फाइलीनंतर जरा थांबायचं, असं मी मुद्दाम लिहिलं होतं. सहापर्यंत कसंबसं होईल असा माझा अंदाज होता. पण नावं भराभर येत होती. मला वाटलं, देव पावला. मध्येच पर्थहून अवनीचा, आमच्या मुलीचा फोन आला. "आई, पप्पांशी बोलू दे ना थोडं." मी म्हटलं, "दुपारी. आत्ता नाही." यांच्या नळीतून ताक भरवलं, कूस बदलली, अंग पुसलं. हे नुसते बघत होते. दोनदा ओठांच्या कडेला काहीतरी थरथरलं, आणि मी दोन्ही वेळा बोट वर केलं.

जेवणवेळ उलटून गेल्यावर शेवटचं नाव उमटलं. चूक झाली की येते ती लाल ओळ एकही नाही. सगळ्या फाइली हजर! मी खुर्चीतून उठून नाचलेच. "झालं! अहो, झालं! बोला आता, काय बोलायचं ते!"

"सुटलो बाबा," हे म्हणाले. "अवनीला लाव फोन. तिला सांगायचंय काहीतरी. तुला पण. दोघींना एकदम सांगतो."

"लावते. आधी याची एक प्रत काढून ठेवू द्या, माझा जीव थाऱ्यावर नाही."

प्रत काढायला गेले आणि ती निमिषात निघाली. एवढ्या फाइली, आणि निमिषात? मी मापं बघितली. पायाची फाइल चांगली भरभक्कम होती. तिच्या पुढच्या सगळ्या एकाच मापाच्या. टीचभर. दुसरी उघडली, दहावी उघडली, शेवटची उघडली. सगळ्यांत तेच एक पान. 'आपले सत्र संपले आहे. कृपया पुन्हा लॉगिन करा.'

त्या 'शाब्बास'नं. यांच्या एका शब्दानं आमची जागा गेली होती. काम थांबून पुन्हा सुरू होईल असं मी धरून चालले होते, पण सर्व्हरनं मला सरळ दाराबाहेर काढलं होतं. हमालाला काय कळतंय? दाराला कुलूप दिसलं, तर त्यानं दारावरची पाटी उचलून आणली आणि त्यावर मी सांगितलेलं नाव घातलं. पुन्हा गेला, पुन्हा पाटी आणली. सकाळभर तो पाट्या वाहत होता आणि मी सकाळभर नवऱ्याचं तोंड बंद ठेवून नावं मोजत होते. एकदा, फक्त एकदा जरी मी माप बघितलं असतं! मी जमिनीवर बसले.

"काय झालं?" यांनी विचारलं.

मी सांगितलं. सगळं सांगितलं, कुणामुळं ते सोडून. पण हे सौद्यातले, यांच्यापासून काय लपणार?

"म्हणजे मी शाब्बास म्हटलं म्हणून," हे म्हणाले.

"नाही हो. मी बघितलं नाही म्हणून."

मग मी उठले, हुकूम दुरुस्त केला. प्रत्येक फाइलीनंतर माप बघ, लहान असेल तर थांब आणि ओरड. पुन्हा लॉगिन. आता खऱ्या फाइली येत होत्या, म्हणून हळू येत होत्या. मी हिशेब केला. सहापर्यंत पाया आणि त्यावरचे पहिल्या काही महिन्यांचे थर. तेवढेच.

तेवढ्यात स्पीकर बोलला, "पद्मा, बस कर."

काळ्या खिडकीत लाल ओळ आली. सत्र संपलं. मी दात खाऊन पुन्हा लॉगिन केलं.

"पद्मा, ऐक की."

पुन्हा लाल ओळ.

"अहो, काय चालवलंय तुम्ही? वेळ जातोय!"

"जाऊ दे. पहिल्या महिन्यांत मला काय येत होतं? पाणी. नको. पुरे. दुखतंय. तेवढ्याला पापणी बास आहे. त्यापेक्षा सहापर्यंत बोलूया. अवनीला लाव. पोटभर बोलूया आणि सोडून देऊया."

"आणि मग? उद्या? परवा? पुन्हा तो पुठ्ठा? मला नाही जमणार! ऐकलंत? मी मरेन त्या पुठ्ठ्यानं!"

"तू मरशील?" हे म्हणाले. "बोलणं माझं जाणार आहे गं."

"म्हणून तर जीव काढतेय ना मी! पाया हाताशी राहिला तर पुढं काहीतरी होईल. डॉक्टरबाई पुढचे शब्द शिकवतील पुन्हा."

"त्या तारा म्हाताऱ्या झाल्यात. त्यांनीच सांगितलंय, नवं शिकण्याइतकं आता त्यातून येत नाही. तुला माहिताय ते."

मला माहीत होतं. पण माहीत असणं आणि मानणं यात फरक असतो. मी पुन्हा लॉगिन केलं. एक फाइल आली, दुसरी अर्ध्यात असताना हे पुन्हा बोलायला लागले. आता मुद्दामच, न थांबता, सौद्यात बोली चढवावी तसे. "पद्मजा मगदूम! ऐकतेस का नाही? मला आज बोलायचंय! मला माझ्या पोरीशी बोलायचंय! हा माझा आवाज आहे, तुझा नाही!"

मी उठले. यांच्या कानामागची टिकली धरली आणि ओढून काढली.

चुंबक सुटल्याचा एवढासा आवाज झाला. स्पीकर थांबला. हे माझ्याकडं बघत राहिले. मी टिकली मुठीत घट्ट धरून म्हटलं, "तुमच्यासाठीच करतेय. नंतर म्हणाल, बरं झालं." यांनी डोळे मिटून घेतले. पापणी एकदा मिटली की हो, दोनदा मिटली की नाही, एवढंच ज्यांच्याजवळ उरलं होतं, त्यांनी तेही मिटून घेतलं. मी "अहो, अहो" म्हणून हलवलं, पण यांनी उघडले नाहीत.

मी लॅपटॉपपाशी जाऊन बसले.

फाइली यायला लागल्या. जाड, खऱ्या, वेगवेगळ्या मापांच्या. प्रत्येकीचं माप मी बघत होते. अवनीचा फोन आला. "आई, आता दे ना पप्पांना. आज शेवटचं ना?"

"नाही जमत, बाळा. फाइली येतायत."

"पाच मिनिटं गं! दोन मिनिटं! आई, मला नुसतं 'काय गं चिमणे' म्हणू दे त्यांना!"

"अवने, एक शब्द बोलले की सत्र जातं! समजून घे ना! नंतर खोका आला की बोल हवं तेवढं."

ती रडत होती. तिला रडताना ऐकून मी फोन कापला, कारण ऐकत राहिले असते तर टिकली परत लावली असती. यांचे डोळे मिटलेलेच होते, पण कडेतून पाणी उशीवर उतरत होतं. मी ते पुसलं आणि परत खुर्चीत बसले. सहाला काही मिनिटं असताना टिकली लावावी असं मनात आलं. हात पुढं केलाही. तेवढ्यात एक फाइल अर्धी आली होती. म्हटलं, ही येऊ दे. ती आली. पुढची सुरू झाली आणि अर्ध्यात लाल ओळ उमटली. पुन्हा लॉगिन केलं. पत्ताच सापडेना, सहा वाजून गेले होते. मग मी टिकली लावली. यांनी डोळे उघडले, माझ्याकडं बघितलं. काहीतरी म्हणत असणार, कारण ओठांच्या कडा थरथरत होत्या. स्पीकर गप्प होता.

त्यानंतर आमच्याकडं पुठ्ठा आला. ते दिवस मी सांगत नाही.

खोका आला तो दिवाळी उलटून गेल्यावर. डॉ. तांबोळी स्वतः पुण्याहून घेऊन आल्या. चपलांच्या खोक्याएवढा, भिंतीशी ठेवला की घूं घूं करणारा. मी जपून ठेवलेल्या फाइली त्यात चढल्या. सुरू करण्याआधी बाईंनी मला बाजूला घेतलं.

"ताई, एक सांगते. यात आवाज पूर्ण आहे, शब्द मात्र थोडे आहेत. यंत्राला जेवढे येतात त्यातलाच एक शब्द ते निवडणार. यांनी काहीही म्हणायचं मनात आणलं, तरी त्याच्या सगळ्यात जवळचा जो शब्द सापडेल तोच बोलेल. त्यामुळं यांना म्हणायचंय ते आणि तुम्हाला ऐकू येईल ते, एक असेलच असं नाही."

"चालेल," मी म्हटलं. काय म्हणणार दुसरं?

अवनीला पडद्यावर घेतलं. तिनं केस विंचरले होते, कपाळाला टिकली लावली होती, तिच्या पप्पांना आवडते तशी. मी यांच्या कानामागं चुंबक चिकटवलं आणि म्हटलं, "अहो, त्या दिवशी आम्हा दोघींना काहीतरी सांगायचं होतं ना तुम्हाला? सांगा आता."

यांनी एकदा माझ्याकडं बघितलं, एकदा पडद्याकडं. मग डोळ्यांत तो जुना उजेड आला, थप्पीवर चढल्यावर यायचा तो. आणि स्पीकर बोलला. यांचाच आवाज, खणखणीत, शेजारच्यांना ऐकू जाईल असा.

"नको. दुखतंय. नको. पुरे."

अवनीनं तोंडावर हात ठेवला. "आई, पप्पा काय म्हणतायत? मला नको म्हणतायत?"

"नाही गं. ते यंत्र म्हणतंय."

"पाणी," हे म्हणाले. "नको. दुखतंय. दुखतंय. नको. पुरे. पुरे."

मी पेला उचलला तर यांनी दोनदा पापणी मिटली. पाणी नव्हतं हवं. हे बोलतच राहिले. लांब वाक्य होतं, खूप लांब. मध्ये श्वास घ्यायला थांबावं तसे थांबले, पुन्हा सुरू झाले. एका ठिकाणी तर मला वाटलं, काहीतरी गमतीचं सांगतायत, कारण डोळे तसे बारीक झाले होते. त्या जागीही स्पीकरमधून आलं, "दुखतंय." अवनी हमसून हमसून रडायला लागली आणि पडद्यासमोरून उठून गेली. डॉक्टरबाईंनी खोक्याकडं हात नेला, बंद करू का, असं नजरेनं विचारलं.

मी त्यांचा हात धरला.

खरंच 'नको' म्हणत असतील का? त्या दिवसाचं 'नको' असेल? मला कळायला कुठलाच मार्ग नव्हता. मी पलंगावर बसले, यांचा हात मांडीवर घेतला.

"बोला," मी म्हटलं. "ऐकतेय मी. सगळं बोला."

"नको," हे म्हणाले. "पुरे. नको. दुखतंय."

"हं," मी म्हटलं. "मग?"